वकिली आणि आमदारकी: न्यायालयातील सवय सभागृहात किती उपयोगी पडते?

फोर्टचा वकील (धागाकर्ता)

माझ्या कार्यालयात सहा वर्षांपासून काम करणाऱ्या एका ज्युनिअर वकील मुलीला तिच्या भागातील एका पक्षाच्या मंडळींनी विधानसभेच्या उमेदवारीबद्दल विचारले आहे. ती मुख्यतः भाडेकरूंची, पुनर्विकासाची आणि सोसायट्यांची प्रकरणे पाहते, अशिलांशी नीट बोलते आणि कागद वाचल्याशिवाय तोंड उघडत नाही. कोर्टाच्या मार्गिकेत उभे असताना तिने मला विचारले, "सर, वकिली केल्याचा आमदारकीला खरोखर उपयोग होतो, की पोस्टरवर नावामागे अ‍ॅडव्होकेट लागते एवढेच?" तेवढ्यात आमचे मॅटर पुकारले गेले आणि माझी सुटका झाली. त्या दिवशी उत्तर टळले, पण प्रश्न डोक्यातून गेला नाही, म्हणून हा धागा काढत आहे.

मुंबईला या प्रश्नाचा इतिहास आहे. उच्च न्यायालयाची इमारत आणि कायदेमंडळ यांच्यातील वाट येथे सव्वाशे वर्षांहून अधिक काळ मळलेली आहे. न्यायमूर्ती होण्यापूर्वी काशिनाथ त्र्यंबक तेलंग १८८४ मध्ये मुंबई कायदेमंडळावर नियुक्त झाले होते. कायद्याची पदवी घेतलेले लोकमान्य टिळक १८९५ मध्ये तेथे निवडून गेले. बॅरिस्टर फिरोजशहा मेहता यांनी १९०१ मध्ये जमीन महसूल कायद्याच्या दुरुस्तीला विरोध केला आणि आपली सूचना फेटाळली गेल्यावर ते सहकाऱ्यांसह सभागृहातून बाहेर पडले. त्यांच्याबरोबर बाहेर पडलेल्यांत गोपाळ कृष्ण गोखलेही होते. १९३७ च्या प्रांतिक विधानसभेत तर वकिलांचीच गर्दी होती. पंतप्रधान (तेव्हा प्रांताच्या मुख्यमंत्र्याला असेच म्हणत) बाळ गंगाधर खेर सॉलिसिटर, गृहमंत्री कन्हैयालाल मुन्शी वकील, अध्यक्ष गणेश वासुदेव मावळंकर अहमदाबादचे वकील आणि विरोधी बाकांवर बॅरिस्टर जमनादास मेहता व बॅरिस्टर भीमराव आंबेडकर.

माझे मत आधीच सांगून टाकतो. वकिली उपयोगी पडते, पण लोकांना वाटते तेथे पडत नाही. लोकांना वाटते की वकील चांगले बोलतो. सभागृहात चांगले बोलणारे पुष्कळ असतात आणि त्यांतील बरेच जण वकील नसतात. वकिलाचा खरा उपयोग विधेयकातील एखाद्या शब्दाजवळ, एखाद्या परंतुकाजवळ (तरतुदीला जोडलेल्या अपवादाजवळ) होतो, आणि तेथे पत्रकारांच्या कक्षात सहसा कोणी जागे नसते.

एक प्रसंग सांगतो. ज्यांच्या हाताखाली मी शिकलो ते माझे सीनिअर नंतर विधान परिषदेवर गेले. मोडकळीस आलेल्या इमारती रिकाम्या करण्याविषयीचे एक विधेयक चर्चेला येणार होते. आदल्या रात्री त्यांनी मला घरी बोलावून घेतले. जेवणाचे टेबल पुसून त्यावर विधेयकाची पाने मांडली होती आणि वहिनींनी मीठ-लोणच्याच्या बरण्या खुर्चीवर नेऊन ठेवल्या होत्या. एका खंडात असे शब्द होते की, अधिकारी रहिवाशांच्या पर्यायी निवाऱ्याची व्यवस्था "करू शकेल". सीनिअरनी पेन्सिलीने "करू शकेल" खाली रेघ मारली आणि समासात एकच शब्द लिहिला: "करील". एवढीच त्यांची दुरुस्ती होती. "करू शकेल" म्हणजे साहेबाची मर्जी आणि "करील" म्हणजे रहिवाशाचा हक्क. दुसऱ्या दिवशी ते तीन मिनिटे बोलले. दुरुस्ती मान्य झाली नाही. मंत्र्यांनी व्यवस्था केली जाईल असे आश्वासन दिले. सीनिअरनी कार्यवाहीतील त्या आश्वासनावर खूण करून ठेवली आणि पुढची दोन वर्षे आश्वासन समितीकडे त्याचा पाठपुरावा केला. वर्तमानपत्रात यातले काहीही आले नाही.

याच सीनिअरांचे पहिले अधिवेशन मात्र वाईट गेले होते. न्यायमूर्ती टिपून घेईपर्यंत थांबण्याची त्यांना तीस वर्षांची सवय होती, म्हणून प्रत्येक मुद्द्यानंतर ते क्षणभर थांबत. सभागृहात आपण थांबलो की समोरचा उठतो. पहिल्या भाषणात त्यांना तिसऱ्या मुद्द्याच्या पुढे जाता आले नाही.

आपले अनुभव आणि मते वाचायला आवडतील. कोणता पक्ष चांगला, ही चर्चा कृपया येथे नको.

निवृत्त प्रतिवेदक

धागा आवडला, पण वकिलांनी वकिलांचे कौतुक करणे आम्हाला नवीन नाही, हेही नमूद करतो. मी विधानमंडळात प्रतिवेदक होतो. सभागृहात बोलला गेलेला शब्द लघुलिपीत उतरवून घेणे आणि पाळी संपली की बाहेर येऊन त्याचे लिप्यंतर करणे, हे माझे आयुष्यभराचे काम. वकील सदस्याचे भाषण उतरवून घ्यायला सोपे असते, कारण त्याचे वाक्य सुरू होते तसे संपतेही. पण लिप्यंतर करताना पुष्कळदा असे जाणवायचे की वाक्ये पूर्ण आहेत आणि माहिती शून्य आहे. हरकतीचा मुद्दा, औचित्याचा मुद्दा, नियम अमुक, नियम तमुक यांत अर्धा तास निघून जायचा आणि लक्षवेधी सूचना तशीच राहायची.

उलट, प्रश्नोत्तराच्या तासात मंत्र्याला खरा घाम फुटायचा तो शेतकरी सदस्याच्या उपप्रश्नाने. त्याला बंधाऱ्याचे दार कोणत्या महिन्यात उघडले हे ठाऊक असायचे. वसंतदादा पाटलांचे औपचारिक शिक्षण फारसे नव्हते, पण खासगी अभियांत्रिकी महाविद्यालयांचा दरवाजा त्यांनीच १९८३ मध्ये उघडला. त्या निर्णयाबद्दल कोणाचे काहीही मत असो, तो घेण्यासाठी वकिलीची सनद लागली नाही.

दोन्ही गोष्टी एका माणसात पाहिल्या त्या गणपतराव देशमुखांत. सांगोल्यातून शेतकरी कामगार पक्षाचे ते अकरा वेळा निवडून आले, पहिल्यांदा १९६२ मध्ये. त्यांनी कायद्याची पदवी घेतली होती, हे नव्या सदस्यांना सांगावे लागायचे, कारण बोलण्यात ते कुठेही दिसायचे नाही. पाण्यावरचा त्यांचा उपप्रश्न मात्र मी वकिली नजरेने ऐकायचो. आधी ते मंत्र्यांकडून एक साधी वस्तुस्थिती कबूल करून घ्यायचे, मग दुसरी, आणि तिसऱ्या उपप्रश्नाला मंत्र्यांच्या लक्षात यायचे की आपण स्वतःच्या लेखी उत्तराच्या विरुद्ध बोललो आहोत. ही उलटतपासणीच होती, फक्त आवाज चढलेला नसायचा. न्यायालयातील जी सवय उपयोगी पडते असे आपण म्हणता, ती माझ्या मते हीच.

आपल्या सीनिअरांचे "करील" मात्र मनापासून आवडले. असे सदस्य माझ्या नोकरीत बोटांवर मोजण्याइतके भेटले.

लालबागकर

मी वकील नाही. वडील गिरणीत होते, मी बँकेत होतो. बाबासाहेबांचा उल्लेख धाग्यात एका ओळीत आला, तो एवढ्यावर सोडू नये असे वाटते, कारण वकील आमदार झाला म्हणजे काय होते हे त्यांच्या मुंबई कायदेमंडळातील बारा वर्षांत जितके स्पष्ट दिसते तितके दुसरीकडे कुठे दिसेल असे मला वाटत नाही. घटना समितीतील बाबासाहेब सर्वांना ठाऊक आहेत. परळच्या दामोदर हॉलमध्ये कार्यालय आणि पोयबावडीच्या बीआयटी चाळीत बिऱ्हाड असलेले, १९२३ पासून मुंबई उच्च न्यायालयात वकिली करणारे आणि १९२७ मध्ये कायदेमंडळात गेलेले बाबासाहेब आपण कमी वाचतो.

फेब्रुवारी १९२७ मध्ये ते अर्थसंकल्पावर बोलले आणि मार्चमध्ये महाडला चवदार तळ्यावर गेले. या दोन गोष्टींत एक कायदेविषयक दुवा आहे. रावबहादूर सीताराम केशव बोले यांनी १९२३ मध्ये याच कायदेमंडळात ठराव संमत करून घेतला होता की, सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा आणि शाळा अस्पृश्यांना खुल्या असाव्यात. महाडच्या नगरपालिकेनेही त्यानुसार तळे खुले केल्याचा ठराव केला. पण तो ठराव होता, कायदा नव्हता. न पाळणाऱ्याला शिक्षा नव्हती. त्यामुळे कागदावर तळे खुले आणि प्रत्यक्षात बंद, अशी चार वर्षे गेली. सभागृहाच्या ठरावाची ताकद किती असते हे बाबासाहेबांनी तळ्याच्या काठावर जाऊन तपासले, असे मी म्हणेन.

फोर्टचा वकील

लालबागकर, आपण माझी चूक दाखवून दिलीत आणि ती मान्य आहे. यात एका वकिलाला भर घालावीशी वाटते. महाडच्या काही सवर्णांनी डिसेंबर १९२७ मध्ये दावा लावला आणि तळ्यावर जाण्याविरुद्ध तात्पुरता मनाईहुकूम मिळवला. प्रतिवादी होते स्वतः डॉ. आंबेडकर. सत्याग्रहासाठी माणसे जमलेली होती. त्या वेळी त्यांनी मनाईहुकूम मोडला नाही. परिषदेची समजूत घालून तळ्यावर जाणे पुढे ढकलले आणि २५ डिसेंबरला मनुस्मृतीचे दहन झाले. न्यायालयाचा हुकूम पाळायचा आणि धर्मशास्त्राचा हुकूम जाळायचा, हा भेद त्या दिवशी त्यांनी केला. जमलेल्या हजारो माणसांसमोर अंतरिम आदेश पाळा असे सांगणे किती कठीण असते, हे मोर्चात उभ्या राहिलेल्या वकिलालाच कळेल.

दावा दहा वर्षे चालला. १७ मार्च १९३७ रोजी उच्च न्यायालयाचा निकाल लागला. तळे नगरपालिकेचे आहे आणि अस्पृश्यांना वगळण्याची अनादिकालापासूनची रूढी वादींना सिद्ध करता आली नाही, असे न्या. ब्रूमफील्ड आणि न्या. वाडिया यांनी ठरवले. १९२२ मध्ये अहमदाबादला गांधीजींना राजद्रोहाबद्दल शिक्षा सुनावणारे ब्रूमफील्ड ते हेच. निकाल लागला तेव्हा प्रतिवादी नुकतेच मुंबई विधानसभेवर निवडून आले होते. कोर्टातील दावा आणि सभागृहातील कारकीर्द अशी समांतर चाललेली दुसरी मला आठवत नाही.

चर्चगेट लोकल

एक छोटी दुरुस्ती. १९२७ ची जागा नियुक्त सदस्याची होती; निवडून आले ते १९३७ मध्ये, भायखळा-परळ भागातून, स्वतंत्र मजूर पक्षातर्फे. त्या निवडणुकीत पक्षाने १७ उमेदवार उभे केले होते आणि त्यांतील बहुतेक जिंकले. सभागृह १७५ सदस्यांचे होते.

नियुक्त आणि निवडलेला यांत फरक का करायचा, तर तो भाषणांतही दिसतो. १९२८ मध्ये त्यांनी वतनांविषयीच्या (वंशपरंपरागत गावकामाच्या हक्कांविषयीच्या) १८७४ च्या कायद्यात दुरुस्ती करणारे विधेयक आणले, म्हणजे महार वतनाचे विधेयक. ते पुढे मागे घ्यावे लागले. पाठीशी पक्ष नाही, बाकावर माणसे नाहीत, फक्त मुद्दा बरोबर, अशा सदस्याचे काय होते याचे हे उदाहरण आहे. कोर्टात मुद्दा बरोबर असला तर निदान अपिलात आशा असते. सभागृहात अपील नाही.

लालबागकर

दुरुस्तीबद्दल आभार. मूळ मुद्द्यासाठी मला दोन भाषणे महत्त्वाची वाटतात.

पहिले जुलै १९२८ चे, प्रसूती साहाय्याच्या विधेयकावरचे. आसवले यांनी मांडलेल्या या विधेयकात कारखान्यातील स्त्रियांना बाळंतपणाच्या काळात पैसे मिळण्याची तरतूद होती. विरोधकांचा आक्षेप असा की, खर्च मालकाने का सोसावा. बाबासाहेबांनी हे मान्य केले की, मातेची काळजी घेणे हे राष्ट्राचे हित आहे आणि म्हणून बराचसा भार सरकारने उचलायला हवा. पण पुढे त्यांनी दाखवले की, मालक स्त्रियांना कामावर ठेवतो तो त्यात त्याचा फायदा असतो म्हणून. तेव्हा फायदा घेणाऱ्याने भाराचा काही वाटा उचलावा. समोरच्याचा अर्धा मुद्दा मान्य करून उरलेल्या अर्ध्यावर त्याला अडवायचे, ही वकिलाची पद्धत. पुढच्याच वर्षी, १९२९ मध्ये, तो कायदा झाला.

दुसरे सप्टेंबर १९३८ चे, औद्योगिक विवादांच्या विधेयकावरचे. काही परिस्थितींत संप करणे हा गुन्हा ठरवण्याची त्यात तरतूद होती. त्यांचा युक्तिवाद शुद्ध कायद्याचा होता. संप म्हणजे नोकरीच्या कराराचा भंग. कराराचा भंग ही दिवाणी बाब आहे, तिच्याबद्दल नुकसानभरपाई मागता येते, तुरुंगात टाकता येत नाही. माणसाला त्याच्या इच्छेविरुद्ध काम करायला लावण्यासाठी फौजदारी कायदा वापरला तर त्याला गुलामगिरीच म्हणावे लागेल. हे विधेयक संमत झाले. मग ७ नोव्हेंबर १९३८ रोजी गिरणी कामगारांचा एक दिवसाचा संप झाला. त्याच्या गोष्टी माझ्या आजोबांकडून वडिलांकडे आणि त्यांच्याकडून माझ्याकडे आल्या. आजोबांना दिवाणी आणि फौजदारी यांतला फरक ठाऊक नव्हता, पण "काम सोडलं तर तो चोर होत नाही" असे ते म्हणत. सभागृहातला मुद्दा चाळीत पोहोचताना असा झाला होता.

कोकणचा चाकरमानी

रत्नागिरीच्या माणसाने खोतीचा, म्हणजे कोकणातील जुन्या जमीनदारीचा, उल्लेख केला नाही तर गावाकडे तोंड दाखवायला जागा राहणार नाही. १७ सप्टेंबर १९३७ रोजी बाबासाहेबांनी खोती रद्द करण्याचे विधेयक मांडले. त्यात कुळांना जमिनीचा हक्क देण्याबरोबरच खोतांना वाजवी मोबदला देण्याची तरतूद होती. जानेवारी १९३८ मध्ये कोकणातील शेतकरी मोर्चाने कौन्सिल हॉलवर आले. हा कौन्सिल हॉल म्हणजे रीगल सिनेमासमोरची, पूर्वी खलाशांचे वसतिगृह असलेली आणि आज राज्य पोलिसांचे मुख्यालय असलेली इमारत. १९२८ पासून तेथे कायदेमंडळ भरत असे. विधेयक पारित झाले नाही. खोती गेली ती १९४९ च्या कायद्याने, दुसऱ्या सरकारच्या काळात. म्हणजे मसुदा करणारा एक आणि शिक्का मारणारा दुसरा. वकील आमदाराने याचीही तयारी ठेवायला हवी.

कोकणचेच दुसरे उदाहरण वेगळ्या वळणाचे आहे. बॅरिस्टर अब्दुल रहमान अंतुले श्रीवर्धनचे आमदार, जून १९८० मध्ये मुख्यमंत्री झाले आणि जानेवारी १९८२ मध्ये सिमेंट वाटपाच्या प्रकरणातील न्या. लेंटिन यांच्या निकालानंतर त्यांना पद सोडावे लागले. त्यांच्या जागी आले तेही बॅरिस्टरच, बाबासाहेब भोसले, मुंबईच्या नेहरूनगरचे आमदार. मला रस आहे तो अंतुले यांच्यावरच्या पुढच्या खटल्यात. आमदार हा भारतीय दंड संहितेच्या अर्थाने लोकसेवक आहे का, असा प्रश्न त्यात उभा राहिला आणि १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने तो तसा लोकसेवक नाही असे ठरवले. त्यामुळे खटल्यासाठी त्या नात्याने पूर्वमंजुरीची गरज उरली नाही. एका बॅरिस्टर आमदाराच्या खटल्यातून आमदार म्हणजे नेमके कोण याची व्याख्या निघाली, हा योगायोग मला नेहमी विलक्षण वाटतो. पुढे १९८८ चा भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा आला, त्यात लोकसेवकाची व्याख्या विस्तारली आणि त्या कायद्यापुरते आमदार लोकसेवकच ठरतात.

डोंबिवली फास्ट

माझा प्रश्न अगदी व्यवहारातला आहे. मी तीन वर्षांपूर्वी सनद घेतली आहे. आमदार झाल्यावर वकिली चालू ठेवता येते का? आणि सरकारी पॅनेलवर असलेल्या वकिलाचे काय?

फोर्टचा वकील

येते. वकिलांच्या आचारनियमांतील नियम ४९ प्रमाणे पूर्णवेळ पगारी नोकराला वकिली करता येत नाही. आमदाराला वेतन मिळते, मग तोही त्यात बसतो का, असा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आला होता. २५ सप्टेंबर २०१८ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ठरवले की, लोकप्रतिनिधीला मिळणारे वेतन घटनेच्या तरतुदीनुसार मिळते, तो कोणाचा नोकर नाही, त्याचा कोणी मालक नाही. म्हणून त्याला वकिली करण्यास हा नियम आड येत नाही.

सरकारी वकिलाची नेमणूक ही वेगळी गोष्ट आहे. अनुच्छेद १९१ मध्ये लाभाच्या पदाबद्दल अपात्रता आहे. कोणती पदे तिच्यातून वगळायची हे विधानमंडळ कायद्याने ठरवते, पण आपले पद त्या यादीत आहे की नाही हे अर्ज भरण्याच्या दिवशी शोधत बसू नये. आधी राजीनामा, मग अर्ज, असाच सल्ला मी देतो.

कायद्याने चालते, हे झाले. शोभते का, हा प्रश्न उरतो. पुनर्विकासाच्या प्रकरणात विकासकाचे वकीलपत्र घेतलेला आमदार त्याच आठवड्यात पुनर्विकासाच्या विधेयकावर बोलायला उभा राहिला तर समोरच्या भाडेकरूने काय समजावे? माझ्या सीनिअरनी परिषदेवर गेल्यावर पुनर्विकासाची नवी प्रकरणे घेणे बंद केले. कार्यालयाचे उत्पन्न निम्म्यावर आले आणि ज्युनिअर म्हणून त्याची झळ मलाही बसली. तेव्हा मी मनातून चिडलो होतो, हेही प्रामाणिकपणे लिहितो.

निवृत्त प्रतिवेदक

मुंबईतल्या वकिलांसाठी दुसरी वाट पदवीधर मतदारसंघाची आहे, ती कोणी सांगितली नाही. विधान परिषदेच्या ७८ जागांपैकी सात पदवीधरांच्या आणि सात शिक्षकांच्या आहेत. मुदत सहा वर्षांची आणि मतदान पसंतीक्रमाने. येथील मतदार यादी दर निवडणुकीला नव्याने तयार होते. विधानसभेच्या यादीत नाव आहे म्हणून येथे आपोआप येत नाही. नमुना १८ भरून द्यावा लागतो आणि पदवी मिळून किमान तीन वर्षे झालेली असावी लागतात. त्यामुळे या मतदारसंघात भाषणापेक्षा अर्ज भरून घेणारी माणसे जास्त महत्त्वाची. मी स्वतः पदवीधर असून एका निवडणुकीत केवळ आळसामुळे मत देऊ शकलो नाही.

पक्षादेश

वरच्या चर्चेत आजचा सर्वात मोठा अडसर राहून गेला आहे. १९८५ च्या बावन्नाव्या घटनादुरुस्तीने दहावी अनुसूची, म्हणजे पक्षांतरबंदी, आली. पक्षादेशाविरुद्ध मतदान केले तर सदस्यत्व जाऊ शकते. आता आपल्या सीनिअरांची कल्पना सत्ताधारी बाकांवर करा. विधेयक त्यांच्याच पक्षाच्या मंत्र्यांनी आणले आहे आणि त्यातील "करू शकेल" त्यांना खटकते. ते बोलू शकतील, पण मतदान झाले तर काय करतील? १९९२ च्या किहोटो होलोहान निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, अपात्रता ओढवणारा पक्षादेश विश्वासदर्शक ठराव किंवा पक्षाच्या मूलभूत धोरणाचा भाग असलेल्या विषयापुरताच मर्यादित असावा. व्यवहारात मात्र एखाद्या शब्दासाठी कोणी जोखीम पत्करत नाही. न्यायालयात वकिलाचे अशील बदलते. सभागृहात वकीलपत्र एकाच पक्षाचे, तेही पाच वर्षांचे.

याच निकालाने अपात्रतेचा निर्णय करणाऱ्या अध्यक्षांना न्यायाधिकरण मानले. आपल्याकडे ११ मे २०२३ च्या घटनापीठाच्या निकालानंतर शिवसेनेच्या अपात्रतेच्या याचिका अध्यक्षांपुढे चालल्या आणि १० जानेवारी २०२४ रोजी निर्णय झाला. अध्यक्ष राहुल नार्वेकर स्वतः वकील आहेत. निर्णय बरोबर की चूक हा या धाग्याचा विषय नाही. मला एवढेच दिसते की, वकिलाने आमदार होऊन पुन्हा न्यायाधीशाच्या खुर्चीत बसावे, तेही एका पक्षाच्या तिकिटावर निवडून येऊन, ही घटनेतली रचनाच अवघड आहे. साक्षी, उलटतपासणी, मुद्दे निश्चिती हे सगळे विधानभवनात होताना पाहून मला प्रथम बरे वाटले आणि नंतर तितकेसे बरे वाटले नाही.

फोर्टचा वकील

पक्षादेश यांचा मुद्दा मी खोडून काढू शकत नाही. एवढेच म्हणेन की, विधेयक मतदानाला येण्यापूर्वीही वकिलाला जागा असते आणि ती जागा म्हणजे विधेयक तपासणारी दोन्ही सभागृहांची संयुक्त समिती. तेथे दारे बंद असतात, प्रेक्षक नसतात, आणि म्हणूनच सत्ताधारी सदस्यही खंडाखंडावर मोकळेपणाने बोलतात. तेथे झालेली शब्दांची दुरुस्ती सरकारची म्हणूनच सभागृहात येते आणि कोणाचे नाक कापले जात नाही. अर्थात विधेयक समितीकडे पाठवले गेले तर. शेवटच्या दिवशी गोंधळात पाच विधेयके पारित झाली, तर तेथे वकील काय आणि कोण काय.

मराठीचीही एक गोष्ट सांगतो. विधेयक सभागृहात मराठीत चर्चिले जाते, पण अनुच्छेद ३४८ प्रमाणे राज्यपालांच्या प्राधिकाराने प्रसिद्ध होणारा इंग्रजी अनुवाद हा अधिकृत पाठ मानला जातो आणि उच्च न्यायालयात आम्ही तोच वाचतो. म्हणजे सदस्याने मराठीतील "करील" साठी भांडायचे आणि इंग्रजी मसुद्यातही तेच उतरले आहे ना हेही पाहायचे. दोन्ही पाठ शेजारी ठेवून वाचणारा सदस्य वकीलच असण्याची शक्यता जास्त. धाग्याच्या शीर्षकातील प्रश्नाला माझे एवढेच उत्तर आहे, आणि ते पोस्टरवर छापण्यासारखे नाही.

कोर्टाच्या मार्गिकेतली

सर, ती ज्युनिअर मीच. आपण धागा काढला आहे हे मला ऑफिसमधल्या क्लार्ककाकांनी सांगितले. उमेदवारीबद्दल अजून काही कळवलेले नाही. आई म्हणते घे, बाबा म्हणतात आधी घराचा हप्ता फेड. पण "करील" वाचल्यावर राहवले नाही. आपल्या पुनर्विकासाच्या मॅटरशी संबंध येईल अशा एका विधेयकाची मराठी आणि इंग्रजी प्रत काढली आणि रात्री पेन्सिल घेऊन बसले. "करू शकेल" अकरा ठिकाणी सापडले. त्यांपैकी सात ठिकाणी ते योग्यच आहे असे मला वाटते. चार ठिकाणी "करील" हवे होते. उद्याचे मॅटर आटोपले की दाखवते.

फोर्टचा वकील

दाखव. पाचवी जागाही आहे, तिसऱ्या पानावरच्या परंतुकात. तेथे मराठी ठीक आहे, इंग्रजी पुन्हा वाच.